उजवी पाकळी

गोरेगाव,
४ नोव्हेंबर २०२३

भाई,

फोनवर बोलायचं तर तुझ्या कानातलं यंत्र शिट्टी मारतं आणि तू "काय ते लिहून पाठव" म्हणून ठेवून देतोस. म्हणून लिहिते आहे. तुझी तब्येत आणि वहिनीची कंबर, दोन्ही बरी आहेत असं धरून चालते.

काम आहे. आपल्या वरच्या वाडीतली काशीबाई आणि तिची सून संचिता माझ्या कार्यक्रमात आल्या होत्या. प्रकरण तुला तोंडपाठ असेल. मला मात्र 'ओटीवरचा निवाडा'च्या सेटवर समोरासमोर बसल्यावर कळलं. संचिताचा नवरा सिद्धेश गोव्याला कामाला जातो म्हणून निघाला, मोटरसायकल कुडाळ स्टेशनच्या बाहेर मिळाली, माणूस मिळाला नाही. त्याला आठ वर्षं झाली. नांदगावच्या गुरुप्रसाद नावाच्या विधुराने संचिताला मागणी घातली आहे. तिलाही जायचं आहे, पण सासूला चोरून जायचं नाही. तिने हो म्हटलं पाहिजे, एवढंच तिचं मागणं. आणि काशीबाई म्हणते, माझा मुलगा जिवंत आहे, जित्या माणसाच्या बायकोला मी दुसरीकडे धाडणार नाही.

मी कायदा सांगितला. सात वर्षं ठावठिकाणा नसला की कायदा माणसाला मेलेला धरतो. काशीबाई शांतपणे म्हणाली, "कायद्यान माझो झील बघललो आसा काय? माउलीक इचारा." त्याच क्षणी चॅनेलच्या माणसाने माझ्या कानात सांगितलं की मॅडम, विचारूच या. प्रश्न एकच, सिद्धेश जिवंत आहे का. दोघींनी कॅमेऱ्यासमोर कबूल केलं आहे, कौल येईल तो मान्य.

तेव्हा आम्ही गावात येतो. माउलीच्या देवळात गाऱ्हाणं तू घालायचंस, पाकळ्या तू लावायच्यास. हंगामाचा हा शेवटचा भाग आहे आणि पुढचा हंगाम मिळणार की नाही ते यावर ठरेल. कुडाळच्या कोर्टात तारखा मागत फिरणारी मी, सावंतवाडीच्या केबलवर दर रविवारी कायद्याचा सल्ला द्यायला लागले, तिथून चॅनेलने उचललं. आधी नुसती खुर्चीत बसायचे, मग कंपनी काढली. आता खुर्चीही माझी आणि ती उचलून ठेवणारी माणसंही माझीच. कार्यक्रम गेला तर मला फारसं काही वाटेल असं वाटत नाही, पण त्या माणसांना वाटेल.

तुझी शर्मिष्ठा


तिठवणे, ता. मालवण,
१३ नोव्हेंबर २०२३

शर्मे,

तुझं पत्र म्हणजे समन्सच. आशीर्वाद वगैरे द्यायला जागाच ठेवत नाहीस.

तू आपलं गाऱ्हाणं उचलून नेलंस तेव्हा मी बोललो नाही. निवाडा दिलास की ती भाड्याने आणलेली माणसं "होय महाराजा" म्हणतात, ते ऐकून तुझी वहिनी पदर तोंडाला लावून हसते. मला यंत्र काढून ठेवायची सोय आहे. पण ती सेटवरची ओटी होती. ही माउली आहे. आपल्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या तिची पूजा केली म्हणून ती आपली मालमत्ता होत नाही.

आणि एक गोष्ट तुझ्या चॅनेलवाल्याला समजावून सांग. मी ओल्या पाकळ्या पाषाणावर लावतो आणि विचारतो. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही. पण तिच्या मनात नसेल तर ती काहीच सांगत नाही. पाकळ्या तिथेच सुकतात. मग आपण नमस्कार करायचा, घरी जायचं आणि पुन्हा कधीतरी यायचं. तिला वेळेचं बंधन घालता येत नाही, मध्ये जाहिराती आहेत हे तिला माहीत नाही.

मी नाहीच म्हणणार होतो. पण काल संचिता येऊन बसली. काजूच्या कारखान्यातून थेट आली होती, बोटं काळी झालेली. तुझ्या वहिनीने चहा दिला तो तिने थंड होऊ दिला. म्हणाली, "भाईनू, हां येवंदे नायतर ना येवंदे. माका एक कायतरी ऐकाचा आसा. आठ वर्सां कोणच कायच सांगणा नाय." यावर मी काय बोलणार? या.

चपला देवळाबाहेर काढायला तुझ्या माणसांना आधीच शिकवून आण.

भाई


गोरेगाव,
२२ डिसेंबर २०२३

भाई,

सगळी सुखरूप पोचलो. वहिनीने दिलेली कोकमं ऑफिसात वाटून टाकली, मला वास घ्यायलाही उरली नाहीत.

त्या दिवशी जे झालं नाही ते मनाला लावून घेऊ नकोस. तू आधीच बजावलं होतंस. दुपारपासून दिवेलागणीपर्यंत सगळं गाव ताटकळत बसलं आणि पाकळी हलली नाही, यात तुझा काय दोष. काशीबाईने शेवटी नमस्कार केला आणि "परत येव्या" म्हणाली, तेव्हा मला तिचा हेवा वाटला. मला परत येता येत नव्हतं. तारखा ठरलेल्या होत्या.

संकलन चालू आहे. परशुराम, म्हणजे आमचा कॅमेरामन, म्हणतो की भाईंचा चेहरा कॅमेऱ्यात फार छान आला आहे. सकाळी लोक जमायच्या आधी तू त्याला सगळं समजावून सांगत होतास, तेव्हाचं तर फारच सुंदर आलं आहे म्हणे.

सहा जानेवारीला रात्री दाखवतील. वहिनीला सांग.

शर्मिष्ठा


तिठवणे,
१० जानेवारी २०२४

शर्मिष्ठा,

कार्यक्रम बघितला. काशीबाईच्या घरी बघितला. तिने मला आणि तुझ्या वहिनीला बोलावणं धाडलं होतं. वाडीतली सगळी माणसं होती, मुलं अंगणात आणि बायका चुलीपर्यंत. आंबोळ्या केल्या होत्या.

आधी मी दिसलो. मग माउली दिसली. मग गाऱ्हाणं, मग संचिताचे डोळे, मग काशीबाईचे हात. आणि मग उजवी पाकळी सुटली आणि अलगद खाली आली.

मी यंत्र नीट बसवलं, मला वाटलं कान बिघडले तसे डोळेही बिघडले. घरात एकदम गलका झाला. काशीबाई रडत रडत टीव्हीच्या पाया पडली. "जितो आसा, माझो झील जितो आसा." आणि त्या घरातली माणसं, जी त्या दिवशी माझ्या मागे उभी होती, ज्यांनी सुकलेल्या पाकळ्या आपल्या डोळ्यांनी बघितल्या होत्या, तीही एकमेकांना सांगायला लागली की आठवता मां, कशी पडली ती. मी एकेकाच्या तोंडाकडे बघत बसलो. कोणी खोटं बोलत नव्हतं, हे मला जास्त भयंकर वाटलं.

संचिता आंबोळ्या वाढत होती. ती वाढत राहिली.

मला दुसऱ्या दिवशी सकाळी पूजा करताना कळलं. ती पाकळी माझीच होती. परशुरामने मला विचारलं होतं, काका, पडते कशी ते एकदा नुसतं दाखवा, म्हणजे कॅमेरा कुठे ठेवायचा ते कळेल. मी एक पाकळी जेमतेम ओली करून लावली, ती पडली, तो म्हणाला थँक्यू. एवढंच. त्यात ना गाऱ्हाणं होतं, ना प्रश्न.

तुला विचारतो, आणि उत्तर वकिलासारखं नको. हे तुला माहीत होतं? आणि माहीत असेल तर ती उजवीच का लावलीस?

भाई


गोरेगाव,
२३ जानेवारी २०२४

भाई,

माहीत होतं. मीच लावायला सांगितली.

दोन रात्री आम्ही संकलनाच्या खोलीत बसलो होतो. न पडलेल्या पाकळीचा भाग चॅनेलने परत पाठवला, शेवट नाही म्हणाले. मग परशुरामने सकाळचं चित्रण लावून बघितलं आणि ते चपखल बसलं. उजवी का, असं तू विचारतोस. कारण दुसरी नव्हती. तू उजवीच दाखवलीस. डावी दाखवली असतीस तर डावी लावली असती आणि काशीबाईने मुलाचं तेरावं केलं असतं आणि संचिता आज नांदगावला असती. तू उजवी दाखवलीस, कारण खेळ म्हणूनसुद्धा आपण डावी दाखवत नाही. आजोबा आपल्याला लहानपणी हेच सांगायचे, नुसतं दाखवायचं असलं तरी उजवीच दाखवा, नाहीतर घरावर येतं. मी हे विसरले नव्हते. मला खोलीत ते आठवलंही. आठवलं आणि मी म्हटलं, चालेल.

तुला वाटत असेल मी रडत हे लिहिते आहे. नाही. मला काही वाटलं नाही, आणि हे मला तुझ्यापासून लपवायचं नाही. इतकी वर्षं माणसं माझ्यासमोर येऊन रडली. नवरे, भाऊ, सुना, म्हातारे बाप. सुरुवातीला मी घरी येऊन जेवत नसे. मग जेवायला लागले. मग माणूस रडायला लागलं की माझी नजर वर दिव्याकडे जायला लागली, त्याच्या तोंडावर सावली पडत नाही ना हे बघायला. आता तेवढंच बघते. माझ्यात बाई म्हणून काही उरलं आहे का ते मला कळत नाही, खुर्ची मात्र नीट बसलेली असते.

भाग खूप बघितला गेला. चॅनेलने पुष्पगुच्छ पाठवला आहे. पाण्यात ठेवायचा राहिला.

शर्मिष्ठा


तिठवणे,
६ मार्च २०२४

शर्मे,

तुझ्या पत्राचं उत्तर लिहायला बसायचो आणि उठायचो. आपलेच दात आणि आपलेच ओठ. शेवटी लिहायचं ते आधी गावाला सांगावं असं ठरवलं.

मागच्या सोमवारी देवळात माणसं जमली होती. हल्ली जमतात, सावंतवाडीहून गाड्या करून येतात, कौल लावा म्हणतात, मोबाईल आधी काढतात. त्यांच्यासमोर उभा राहून मी सांगितलं की माउलीने त्या दिवशी काहीही सांगितलेलं नाही, टीव्हीवर दिसली ती पाकळी मी नमुना म्हणून लावली होती. मग वरच्या वाडीतला एकजण दुसऱ्याला म्हणाला, "भाईंका ऐकाक येणा नाय हां म्हायत होता, आता दिसणा पण नाय." माणसं हसली. वाईट हेतूने नाही, आपलीच माणसं. एकाने मला हात धरून बाकावर बसवलं आणि पाणी दिलं.

त्याआधीच गुरुप्रसाद येऊन गेला होता. तो नांदगावहून आला, माझ्या ओट्यावर बसला. माणूस सज्जन आहे. त्यालाही मी सगळं सांगितलं, त्याने ऐकून घेतलं. म्हणाला, "तुमी म्हणतास ता खरा असात. पण माझ्या आईन बघल्यान. उद्या तो दारात येवन उभो रवलो तर मी काय करू?" देव तारी त्याला कोण मारी म्हणतात. इथे तुझ्या टीव्हीने तारला.

मग मी संचिताकडे गेलो. कारखान्याच्या दाराशी भेटलो, घरी बोलता येत नाही. तिला सांगितलं की ती पाकळी खोटी. ती म्हणाली, "माका म्हायत आसा. मी थंयच हुतंय." मी म्हटलं, मग तू बोलत का नाहीस. तेव्हा म्हणाली, "काय बोलू? पडाक नाय म्हणान सांगू? म्हणजे ना पण येवक नाय ना भाईनू." खरं सांगूनसुद्धा तिच्या हातात काही पडत नव्हतं. शेवटी तिने विचारलं, गुरुप्रसाद काय म्हणाले. मी सांगितलं. तिने मान हलवली आणि आत गेली, कामाची पाळी सुरू व्हायची होती.

काशीबाई आता तिला जपते. कामाला जाताना डबा भरून देते. तीच काशीबाई, जी आठ वर्षं तिच्याशी धड बोलत नव्हती. ही तुझ्या निवाड्याची चांगली बाजू म्हणून लिहितो, नाहीतर म्हणशील भाई एकतर्फी लिहितो.

तू इथे ये. त्याच देवळात, त्याच माणसांसमोर उभी राहून सांग. माझं ऐकणार नाहीत, तुझं ऐकतील.

भाई


गोरेगाव,
१९ एप्रिल २०२४

भाई,

कार्यक्रम बंद झाला. एवढा बघितला गेला तरी बंद झाला. चॅनेलचे मालक बदलले, नव्यांना गाण्यांच्या स्पर्धा हव्या आहेत. सेट मोडून नेला. ओटीचे खांब थर्माकोलचे होते हे मी विसरून गेले होते, दोन माणसांनी काखेत घालून नेले. माणसांना इकडेतिकडे लावून दिलं आहे. परशुराम लग्नांची चित्रणं करतो.

देवळात येऊन सांग म्हणतोस. मी खूप विचार केला, आणि तुला पटणार नाही, पण मी तिथे उभी राहिले की तीही एक गोष्ट होईल. माणसं मोबाईल काढतील. मी कुठे उभी राहायचं, उजेड कुठून येतोय हे मी आपोआप बघेन. माझा स्वतःवर तेवढा विश्वास नाही.

त्यापेक्षा मला येतं ते करते. माझी सनद अजून आहे. संचिताचा दावा मी मालवणच्या कोर्टात लावते. सिद्धेशला मृत धरावं म्हणून. साक्षीपुरावे सरळ आहेत, पोलिसांत नोंद आहे, न्यायाधीश फार वेळ घेणार नाहीत. नोटीस काशीबाईला जाईल, त्याला इलाज नाही. खरं तर हे मी पहिल्याच दिवशी करायला हवं होतं. स्टुडिओत तिला कायदा सांगून मी पुढच्या प्रश्नाला लागले, कारण कायदा दाखवायला दोन मिनिटं लागतात आणि आम्हाला भाग पाऊण तासाचा लागतो.

संचिताला विचार. नको म्हणाली तर नको. हो म्हणाली तर माझ्या नावाचं वकीलपत्र पाठवते, तिची सही घे.

गुरुप्रसादचं लग्न ठरलं का ते कळव. मला कळून काय करायचं ते माहीत नाही, तरी कळव.

शर्मिष्ठा


तिठवणे,
११ ऑगस्ट २०२४

शर्मे,

गुरुप्रसादचं लग्न मे महिन्यात झालं. संचिताला मी सांगितलं, वकीलपत्र समोर होतं तेव्हाच सांगितलं, म्हणजे नंतर फसवलं असं नको. तिने सही केली. मी म्हटलं, आता कुणासाठी? म्हणाली, "कोणासाठी नाय. माका नाव सांगूचा लागता खंयय, कारखान्यात, दवाखान्यात. थंय मी काय सांगू, नवरो आसा की नाय?" सही स्पष्ट अक्षरात केली. मी मास्तर होतो तेव्हा शाळेत माझ्याच हाताखाली होती, अक्षर चांगलं.

नोटीस काल आली. काशीबाईने वाचायला मला बोलावलं. मी ओटीवर बसून वाचली, सगळी, गाळलं काही नाही. खाली वकील म्हणून तुझं नाव आलं तेव्हा तिने मला थांबवलं.

"ही आपली शर्मिष्ठाच मां?"

मी होय म्हटलं.

"तिनाच सांगल्यान जितो. आता तीच म्हणता मेलो."

रागावली असती तर बरं झालं असतं, मला समजूत घालता आली असती. ती रागावली नाही. कागद हातात घेतला, उलटा करून मागची बाजू बघितली, कोरी होती. मग विचारलं, "ह्यां टीव्हीर कधी दाखवतले?"

मी सांगितलं की हे दाखवणार नाहीत. हे खरं कोर्ट आहे, मालवणचं. तो कार्यक्रम बंद झाला.

"बंद झालो?"

"होय. चैत्रातच."

"मगे आता दुसरो निकाल खंयसून येतलो," ती म्हणाली. "तोच रवलो." आणि कागद माझ्या हातात परत दिला.

मी तिला पुन्हा एकदा सांगायला गेलो, ती पाकळी, तो परशुराम, तो नमुना. तिने सगळं ऐकून घेतलं, मध्ये एकदाही तोडलं नाही. मला वाटतं तिला ते माझ्याआधीच माहीत होतं. त्या दिवशी ती सगळ्यांत पुढे बसली होती, तिच्याएवढं जवळून कुणी बघितलं नव्हतं.

संचिता आतल्या दारात तांदूळ निवडत होती. तिने विचारलं, "भाईनू, कोर्टाची तारीख कधीची?" मी तेवीस सप्टेंबर म्हटलं. सासू ऐकते आहे हे बघून तिने पुन्हा विचारलं, जरा मोठ्याने, आणि मी पुन्हा सांगितलं. तू येणार आहेस हेही मी सांगितलं, तेव्हा तारीख चुकवू नकोस. निघताना मी चपला घालत होतो तेव्हा काशीबाई संचिताशी बोलली. आवाज मायेचा होता, तक्रारीचा नव्हता.

"जा गो तू कोर्टात. माझा कायएक म्हणणा नाय. पण सांजेच्या आत परत ये. सिद्धेश इलो तर घरात कोणतरी व्हया."

भाई